सागरतळाचे दप्तर

(जिल्ह्यातील प्राथमिक शिक्षकांच्या उद्बोधन वर्गात दिलेले व्याख्यान)



आजच्या व्याख्यानाचा विषय पाहून आपल्यापैकी अनेकांना नवल वाटले असेल. यवतमाळ जिल्हा कोठे आणि समुद्र कोठे! मुंबईचा किनारा येथून रस्त्याने सहाशे किलोमीटरांहून अधिक दूर आहे. आपल्या वर्गातील बहुसंख्य मुलांनी समुद्र पाहिलेला नाही. वर्धा आणि पैनगंगा या नद्यांचे पावसाळी रूप हेच त्यांच्या दृष्टीने पाण्याचे सर्वांत मोठे दर्शन, आणि उतारूंना पैलतीरी नेणारा डोंगा हेच त्यांचे जहाज. अशा मुलांना बुडालेल्या जहाजांचा इतिहास सांगून काय साधणार, ही शंका रास्त आहे, म्हणून प्रथम तिचेच निरसन करतो.

समुद्र आपल्यापासून दूर असला, तरी आपण समुद्रापासून दूर नाही. या जिल्ह्याचे पांढरे सोने म्हणजे कापूस. मूर्तिजापूर–यवतमाळ या अरुंद मापाच्या रेल्वेची उभारणी मुख्यत्वे कापसाच्या वाहतुकीसाठी झाली. तिच्यावरून गेलेल्या गाठी मुंबईस पोहोचत आणि तेथून गलबतांनी व आगबोटींनी परदेशच्या गिरण्यांकडे रवाना होत. आपल्या जंगलातील सागवान मुलांच्या परिचयाचे आहे. याच जातीच्या लाकडाने मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्यातील कारागिरांनी जहाजे बांधली. त्यांपैकी ‘त्रिंकोमाली’ हे १८१७ साली मुंबईत पाण्यात सोडलेले युद्धनौकेचे सांगाडे-पाटण दोनशे वर्षे उलटूनही इंग्लंडमधील हार्टलपूल येथे तरंगत आहे. आणि आपल्या जुन्या शाळांच्या छपरांवरील मंगलोरी कवेलू? त्याचे जे नाव आहे, ते एका बंदराचे नाव आहे. या कवेलूची समुद्रतळाशी गाठ कशी पडते, ते मी पुढे सांगणारच आहे.

परंतु विषय निवडण्याचे खरे कारण याहून निराळे आहे. इतिहास म्हणजे राजांची नावे आणि लढायांची साले, अशी समजूत आपल्या मुलांमध्ये दृढ होऊन बसली आहे. ‘हे कशावरून?’ असा प्रश्न मुले विचारीत नाहीत, आणि आपणही तो विचारावयास त्यांना क्वचितच शिकवतो. पुराव्यावरून अनुमान कसे करावे, हे शिकविण्यास बुडालेल्या जहाजाइतका सोपा आणि मनोवेधक पाठ मला दुसरा दिसत नाही.

याचे कारण पाहा. जुन्या गावाची पांढरी आपण जाणतो. तेथे पिढ्यान्‌पिढ्या लोकांनी घरे बांधली, पाडली, पुन्हा बांधली. आजोबांच्या काळचे खापर नातवाच्या अंगणात आले. उपयोगी वस्तू लोकांनी उचलून नेल्या आणि फुटकी तेवढी मागे राहिली. त्यामुळे कोणती वस्तू कोणाबरोबरची, हे ठरविण्यास फार श्रम पडतात. जहाजाचे तसे नाही. ते एका दिवशी, बहुधा एका प्रहरात बुडते. त्या क्षणी त्यावर जे जे होते, म्हणजे व्यापाऱ्याचा माल, खलाशाची थाळी, सुताराची मोजपट्टी, तोफेचा गोळा, हे सर्व एकदम तळाशी जाते. जणू कोणी कारकुनाने त्या दिवसाचे सारे कागद एका रुमालात बांधून दप्तरात ठेवून द्यावेत! या वस्तू एकाच वेळी वापरात होत्या, याविषयी शंकेला फारशी जागा उरत नाही. म्हणूनच सागरतळाला मी दप्तर म्हणतो. मात्र दप्तरातील कागद विस्कटले की त्यांचा अर्थ हरवतो, तसेच येथेही आहे. वस्तूचे मोल तिच्या धातूत जितके आहे, त्याहून अधिक ती कोठे आणि कोणाच्या शेजारी पडली होती यात आहे. माझ्या व्याख्यानाचे सार या एका वाक्यात आले. आता उदाहरणे देतो.

पहिले उदाहरण तुर्कस्तानच्या किनाऱ्याचे. १९८२ साली तेथील एका स्पंज काढणाऱ्या पाणबुड्याला उलुबुरुन नावाच्या भूशिराजवळ समुद्रतळाशी चमत्कारिक आकाराचे धातूचे तुकडे दिसले. कान असलेल्या बिस्किटांसारखे ते त्याला वाटले. ते तांब्याचे लगड होते. १९८४ ते १९९४ अशी अकरा वर्षे संशोधक तेथे उतरत राहिले, आणि सुमारे ३३०० वर्षांपूर्वीचे व्यापारी जहाज उजेडात आले. त्यावर सुमारे दहा टन तांबे आणि एक टन कथील होते. दहा भाग तांबे आणि एक भाग कथील हे कासे ओतण्याचे प्रमाण आहे! ही दोन्ही धातूंची रास निरनिराळ्या लोकांनी वर आणून बाजारात विकली असती, तर तांबे तांब्याच्या भावाने गेले असते आणि कथील कथिलाच्या. दोन्ही एकाच जहाजावर होती, हे कळल्यामुळेच त्या काळच्या ओतशाळांना कच्चा माल कसा पुरविला जात असे, यावर प्रकाश पडला.

आता आपल्या देशाकडे वळू. गोव्यात दोना पावला येथे राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे. लोथल येथील उत्खननामुळे कीर्ती पावलेले पुरातत्त्वज्ञ डॉ. शि. रं. राव यांच्या पुढाकाराने १९८० नंतरच्या काही वर्षांत या संस्थेत सागरी पुरातत्त्वाच्या कार्याला आरंभ झाला. द्वारकेच्या समुद्रातील शोधकार्यामुळे हे नाव सर्वतोमुखी झाले. परंतु शिक्षकाच्या दृष्टीने मला गोव्याच्याच समुद्रातील तीन लहान स्थळे अधिक बोधप्रद वाटतात.

पहिले स्थळ म्हणजे मुरगाव बंदराच्या परिसरातील सुंची नावाचा बुडीत खडक. येथे पाणी फार खोल नाही. अवघे तीन ते सहा मीटर. पाणबुड्या संशोधकांना येथे लोखंडी तोफा, नांगर, घडीव दगड, मोठमोठ्या रांजणांचे तुकडे, चिनी मातीच्या भांड्यांची खापरे, हस्तिदंत आणि पाणघोड्याचे दात सापडले. सोन्याची मोहर त्यात नाही, म्हणून एखादा निराश होईल. पण ही यादी फळ्यावर लिहून मुलांना विचारा: पाणघोडा कोणत्या खंडात राहतो? आफ्रिकेत. चिनी मातीची नाजूक भांडी कोठे होत? चीनमध्ये. मोठे रांजण कोठले? त्या जातीच्या रांजणांना ज्या मर्तबान बंदराचे नाव मिळाले, ते ब्रह्मदेशात आहे. आणि या सर्व वस्तू एकत्र कोठे मिळाल्या? गोव्याच्या तोंडाशी. नकाशावर या ठिकाणांना दोऱ्याने जोडा, म्हणजे सतराव्या शतकाच्या आरंभीच्या सुमाराचा पोर्तुगीजांचा सागरी व्यापार मुलांच्या डोळ्यांपुढे उभा राहील. चार पानांच्या धड्याने जे होत नाही, ते एका दाताने आणि एका खापराने होते.

दुसरे स्थळ सेंट जॉर्ज नावाचा खडक. येथील जहाजावर ना तोफा, ना हस्तिदंत. तेथे सापडली ती कवेलू! छपराची चपटी कवेलू, आढ्यावरची कवेलू, भाजलेल्या मातीचे खांबांचे तुकडे आणि खांबांच्या शिरोभागी बसवावयाची नक्षीदार बैठकी. त्यांवर बासेल मिशन या संस्थेच्या कवेलू-कारखान्याचे नाव आणि १८६५ हे साल उमटलेले आहे. स्वित्झर्लंडमधील बासेल गावाच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या मिशनने १८६५ साली मंगळूर येथे यंत्राने कवेलू पाडण्याचा कारखाना काढला. त्या कवेलूंना पुढे देशभर मंगलोरी हे नाव पडले.

येथे थांबून मुलांना एक प्रश्न अवश्य विचारावा. कवेलूवर १८६५ असे आहे, तर जहाज १८६५ साली बुडाले का? चाणाक्ष मुलगाही प्रथम ‘होय’ म्हणेल. मग त्याला सांगावे, की १८६५ हे कारखाना स्थापन झाल्याचे साल आहे, आणि दुकानाच्या पाटीवर स्थापनेचे वर्ष अनेक वर्षे तसेच राहते, त्याप्रमाणे ते पुढेही छापावर राहू शकते. म्हणजे या सालावरून एवढेच सिद्ध होते, की जहाज १८६५ पूर्वी बुडालेले नाही. पुरावा जेवढे सांगतो तेवढेच ऐकावे, त्याच्या तोंडी अधिक घालू नये, हा इतिहासाचा पहिला नियम आहे. तो या एका कवेलूत सामावलेला आहे.

तिसरे स्थळ अमी या नावाने ओळखला जाणारा उथळ. तेथे वाफेच्या यंत्राचे भाग, पाणी उकळण्याची मोठी लोखंडी पात्रे आणि भट्टीच्या आत लावावयाच्या अग्निविटा मिळाल्या. शिडाच्या जहाजाला भट्टी नसते. तेव्हा ही आगबोट होती, हे जहाजाचे नाव ठाऊक नसतानाही सांगता येते. वस्तू पाहून वापर ओळखणे आणि वापरावरून काळ ठरविणे, ही रीत याहून सोप्या शब्दांत सांगता यावयाची नाही.

या तीनही ठिकाणी एक गोष्ट आपल्या ध्यानात आली असेल. मिळाले ते दगड, लोखंड, हाडे, दात आणि भाजलेली माती. मग जहाजाचे लाकूड कोठे गेले? आपल्या उष्ण समुद्रात लाकूड पोखरणारा एक जलचर असतो. तो दिसतो किड्यासारखा, पण शिंपल्यांच्या कुळातला आहे. उघड्या पडलेल्या लाकडाची तो थोड्या वर्षांत चाळण करतो. आपल्या घरातील वाळवी आणि हा प्राणी यांचे कार्य एकच. त्यातून पावसाळ्यातील लाटांचा मारा. वाळूत किंवा गाळात गाडले गेलेले लाकूड तेवढे वाचते, कारण तेथे त्याला हवा मिळत नाही आणि ही कीडही पोहोचत नाही.

उलट स्वीडनची गोष्ट पाहा. तेथील राजाने ‘वासा’ नावाची ६४ तोफांची भव्य युद्धनौका बांधविली. १० ऑगस्ट १६२८ रोजी ती स्टॉकहोम बंदरातून पहिल्या सफरीस निघाली, आणि मैलभरही न जाता वाऱ्याच्या एका झोताने कलून बुडाली. वरचा भार अधिक आणि तळाशी वजन कमी, असे तिचे बांधकाम होते. तोफांच्या उघड्या खिडक्यांतून पाणी आत शिरले. त्या समुद्राचे पाणी थंड आणि अल्प खारट असल्याने लाकूड पोखरणारा हा जलचर तेथे वाढत नाही. म्हणून ३३३ वर्षांनी, २४ एप्रिल १९६१ रोजी, वासा जवळजवळ सबंध वर काढता आली. तिच्यावर सुतारांच्या मोजपट्ट्याही सापडल्या. काही पट्ट्यांतील फूट बारा इंचांचा होता, तर काहींतील अकरा इंचांचा! दोन बाजूंचे सुतार दोन मापांनी काम करीत असतील, तर नौका दोन्ही अंगांनी सारखी कशी उतरावी? गणिताच्या तासाला मापांच्या एकवाक्यतेचे महत्त्व सांगताना हे उदाहरण आपणांस उपयोगी पडेल.

आता हे संशोधन चालते कसे, ते थोडक्यात सांगतो. प्रथम जुन्या नोंदी वाचतात आणि कोळी बांधवांना विचारतात, कारण जाळे कोठे अडकते हे त्यांच्याइतके कोणास ठाऊक नसते. मग पृष्ठभागावरून ध्वनिलहरी सोडून तळाचे चित्र घेतात. लोखंड असल्यास चुंबकीय उपकरण ते दाखविते. नंतर पाठीवर हवेची नळकांडी बांधून संशोधक स्वतः खाली उतरतो. तळावर दोऱ्यांचे किंवा नळ्यांचे चौकोन आखतात, प्रत्येक चौकोनाला क्रमांक देतात, आणि प्रत्येक वस्तूचे स्थान मोजून, रेखाटून, छायाचित्र घेऊन, मगच ती हलवितात. वर आणलेले लोखंड तसेच वाळू दिले, तर त्यात मुरलेल्या मिठामुळे त्याचे पापुद्रे सुटून भुगा होतो. म्हणून ते दीर्घकाळ पाण्यात व औषधी द्रावणात ठेवून त्यातील क्षार काढावे लागतात. जी वस्तू सांभाळण्याची सोय नाही, ती वर आणू नये, तळाशीच राहू द्यावी, असा या शास्त्राचा संकेत आहे. संयुक्त राष्ट्रांच्या युनेस्को संस्थेने २००१ साली पाण्याखालील सांस्कृतिक वारशासंबंधी जो करार केला, त्यातही हेच तत्त्व आहे. वारसा जागच्या जागी राखणे हा पहिला पर्याय, आणि व्यापारासाठी त्याची लूट सर्वथा वर्ज्य.

महाराष्ट्राच्या दृष्टीने या विषयाला आणखी एक जिव्हाळ्याचे अंग आहे. १६५७ साली कल्याण–भिवंडी हाती आल्यानंतर शिवाजी महाराजांनी जहाजबांधणीस आरंभ केला, आणि पुढे आरमार हे स्वराज्याचे एक स्वतंत्र अंग झाले. कान्होजी आंग्रे यांनी पश्चिम किनाऱ्यावर त्याचा दरारा बसविला. १७२९ साली कान्होजी निवर्तले. घराण्यात फूट पडली, आणि तुळाजी आंग्रे व पेशवे यांचे वितुष्ट विकोपास गेले. पेशव्यांनी इंग्रजांशी हातमिळवणी केली. फेब्रुवारी १७५६ मध्ये ॲडमिरल वॉटसन आणि कर्नल क्लाइव्ह यांनी विजयदुर्गावर मारा केला. बंदरात एकमेकींना खेटून उभ्या असलेल्या गुराबांना व गलबतांना आग लागली, आणि ती एकीवरून दुसरीवर पसरत जाऊन आंग्र्यांचे आरमार पाहता पाहता भस्मसात झाले. ज्या आरमाराला अनेक दशके कोणी मोडू शकले नव्हते, ते घरच्या दुहीने आणि परक्याच्या तोफेने मिळून एका संध्याकाळी संपले.

मराठी आरमाराचे एकही लढाऊ जहाज आज सबंध उरलेले नाही. गुराब, गलबत, तरांडे, शिबाड, मचवा हे शब्द आपल्याजवळ आहेत. परंतु त्यांची घडण कशी होती, हे जाणावयाचे तर बहुतांशी परकीयांच्या चित्रांवर आणि वर्णनांवर अवलंबून राहावे लागते. ज्यांनी ती जहाजे जाळली, त्यांच्याच लेखणीतून त्यांची हकीकत आपण वाचतो! अशा वेळी जमिनीवर आणि पाण्याखाली उरलेल्या मुक्या वस्तू हीच आपली साक्ष. विजयदुर्गाजवळ वाघोटणच्या खाडीकाठी गिर्ये येथे आंग्र्यांची गोदी आहे. खडक फोडून केलेली ही गोदी पाहिली, म्हणजे भरतीच्या पाण्याचा उपयोग करून जहाजे आत घेण्याचे आणि ओहोटीला त्यांची डागडुजी करण्याचे ज्ञान येथील कारागिरांना किती उत्तम होते, हे कळते. विजयदुर्ग परिसरात दगडी नांगरही मिळाले आहेत. हा नांगर म्हणजे एक लांबट घडीव दगड. वरच्या टोकाला दोरासाठी एक भोक, आणि खालच्या बाजूस एकमेकांस काटकोनात असणारी दोन चौकोनी भोके. त्या भोकांतून लाकडी दांडे घालीत, आणि तळाच्या वाळूत ते रुतले की जहाज स्थिर राही. याच घडणीचे नांगर अरबी समुद्राच्या पलीकडील बंदरांतही आढळतात. कोकणचा खलाशी आणि अरब खलाशी एकाच घडणीच्या नांगराने आपली जहाजे थांबवीत होते, याची ही दगडी साक्ष आहे.

येथे भाषेची एक गंमत सांगण्याचा मोह आवरत नाही. शेतकऱ्याचाही नांगर आणि जहाजाचाही नांगरच! एकाचे मूळ संस्कृत लांगलात, तर दुसऱ्याचे फारसी लंगरात सांगतात. पण मराठीत येऊन दोघे एकरूप झाले. एक भूमीत रुततो तो पुढे जाण्यासाठी, दुसरा तळात रुततो तो थांबण्यासाठी. आपल्या शेतकऱ्याच्या मुलाला समुद्राशी जोडणारा याहून सोपा दुवा कोणता?

विजयदुर्गाविषयी एक आख्यायिका प्रसिद्ध आहे. किल्ल्याच्या समुद्राकडील बाजूस पाण्याखाली एक भिंत असून तिच्यावर आदळून शत्रूची जहाजे फुटत, असे तेथील लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले. अशा कथेशी शिक्षकाने कसे वागावे? ती हसण्यावारी नेऊ नये, आणि पोथीप्रमाणे शिरोधार्यही मानू नये. आख्यायिका कोठे पाहावे हे सांगते. काय आहे ते दगडच सांगतात. दगड घडविलेले आहेत की निसर्गाने तसे भंगले आहेत, त्यांच्या रांगेत सांधे जुळतात की नाही, हे खाली उतरून तपासणाऱ्याचे मत ग्राह्य धरावयाचे. लोकांच्या स्मृतीचा आदर आणि पुराव्याचा आग्रह ही दोन्ही एकाच मनात नांदली पाहिजेत.

आणखी एक गोष्ट सांगितल्यावाचून पुढे जाणे योग्य होणार नाही. प्रत्येक बुडालेले जहाज हे दप्तर आहे, तशी त्यांतील पुष्कळशी जहाजे म्हणजे समाध्याही आहेत. १७ जुलै १९४७ रोजी मुंबईहून रेवसकडे निघालेली ‘रामदास’ बोट भर पावसाळ्यात बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. स्वातंत्र्याला एक महिनाही उरला नसताना कोकणातील कितीतरी घरांत अंधार झाला. ९ डिसेंबर १९७१ रोजी युद्धात दीवजवळ ‘खुकरी’ ही आपली युद्धनौका बुडाली. तिच्याबरोबर १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक गेले. कप्तान महेंद्रनाथ मुल्ला यांनी नौका सोडली नाही. अशा ठिकाणी कुतूहलाने आधी मस्तक नमवावे. खजिन्याच्या कथा मुलांना आवडतात, त्या सांगाव्यात. पण जहाजाबरोबर माणसे बुडतात, हेही सांगावे.

आता आपल्या शाळेकडे येऊ. हे सर्व शिकविण्यास समुद्र नको, पाणबुड्याचा पोशाख नको, की पैसाही नको. मी चार गोष्टी सुचवितो.

पहिली गोष्ट कवेलूची. गावात जुन्या घराचे किंवा शाळेचे फुटके मंगलोरी कवेलू कोठे ना कोठे पडलेले असते. छपरावर कोणास चढू न देता असे तुकडे जमवावेत आणि त्यांच्या पालथ्या बाजूस उमटलेले कारखान्याचे नाव, गाव आणि चिन्ह मुलांकडून वाचून घ्यावे. ते गाव नकाशावर शोधावे, आणि तेथून हे ओझे आपल्या गावी बैलगाडीने, रेल्वेने की आणखी कशाने आले असेल, याचा विचार करावयास लावावे.

दुसरी गोष्ट वाळूच्या घमेल्याची. दोन घमेली घ्यावीत. प्रत्येकात तळाशी बी, बटण, खापर, खिळा, बांगडीचा तुकडा अशा वस्तू विचारपूर्वक मांडाव्यात. समजा, एका कोपऱ्यात स्वयंपाकाच्या आणि दुसऱ्यात सुतारकामाच्या. वर वाळू पसरावी. एका गटाने वस्तू भराभर उपसून काढाव्यात. दुसऱ्या गटाने घमेल्यावर दोऱ्याचे चौकोन बांधून, एकेक वस्तू कागदावर नोंदून मग उचलावी. शेवटी दोन्ही गटांना विचारावे: ‘येथे काय चालले होते?’ पहिल्या गटाच्या हातात वस्तूंचा ढीग असेल. दुसऱ्याच्या हातात उत्तर असेल. नोंद म्हणजे काय, हे त्या मुलांना पुन्हा सांगावे लागणार नाही.

तिसरी गोष्ट कायद्याची. आपल्या जिल्ह्यात नांगरताना, विहीर खणताना, पाया काढताना जुनी नाणी, मूर्ती, भांडी निघतात. ती लपविली जातात, वितळविली जातात, किंवा कवडीमोलाने फेरीवाल्याला दिली जातात. १८७८ च्या निखात निधी अधिनियमानुसार दहा रुपयांहून अधिक मोलाचे असे काही भूमीत सापडल्यास त्याची वर्दी जिल्हाधिकाऱ्यांना देणे बंधनकारक आहे. हे मुलांना समजावून सांगावे. पण केवळ कायद्याच्या धाकाने नव्हे. समुद्रतळाचे उदाहरण देऊन सांगावे, की जागेवरून हललेली वस्तू मुकी होते. ‘हात लावू नका, गुरुजींना किंवा बाईंना बोलवा,’ एवढे जरी एका पिढीच्या मनावर ठसले, तरी पुढील संशोधकांवर आपले मोठे उपकार होतील.

चौथी गोष्ट मला सर्वांत महत्त्वाची वाटते. पाण्याखाली गेलेला इतिहास केवळ समुद्रातच आहे, असे नाही. पूस, अरुणावती, इसापूर, बेंबळा या धरणांनी आपल्या शेतांना पाणी दिले. त्याच पाण्याखाली शेते गेली आणि वस्त्याही गेल्या. ज्यांनी आपले गाव सोडून नव्या जागी बिऱ्हाड मांडले, त्यांनी इतरांच्या शेतांसाठी आपला उंबरठा दिला. जुन्या गावचा पार कोठे होता, विहिरी किती होत्या, मारुतीचे देऊळ कोणत्या अंगाला होते, शाळा कोठे भरत असे, हे सांगणारी वृद्ध माणसे आज पुनर्वसित गावांत आहेत. ती आणखी किती वर्षे असतील? मुलांनी पाण्याजवळ मुळीच जाऊ नये, आजीआजोबांजवळ बसावे. त्यांच्या सांगण्यावरून जुन्या गावाचा नकाशा काढावा. एका आजोबांनी विहीर पूर्वेस सांगितली आणि दुसऱ्यांनी पश्चिमेस, तर दोन्ही नोंदी ठेवाव्यात, कोणाचेही खोडू नये, आणि तिसऱ्यांना विचारावे. अशा दहा शाळांनी दहा नकाशे केले आणि ते शाळेच्या कपाटात नावनिशी, तारखेसह जपून ठेवले, तर आपल्या जिल्ह्याच्या बुडीत इतिहासाचे ते पहिले दप्तर होईल.

बंधुभगिनींनो, विजयदुर्गाच्या आरमाराची कथा त्याच्या स्वतःच्या माणसांनी लिहून ठेवली नाही, म्हणून आज आपल्याला दगडी नांगरांना विचारावे लागते. धरणाखालच्या गावांविषयी उद्याच्या संशोधकावर तशी वेळ येऊ नये. त्या गावांची माणसे अजून बोलत आहेत, आणि त्यांचे बोलणे टिपून घेणारी मुले आपल्या वर्गात बसली आहेत. मुलांच्या पाठीवरचेही दप्तर आणि इतिहासाचेही दप्तर, या दोहोंना मराठीने एकच नाव दिले आहे. एका दप्तरातून दुसरे तयार करण्याचे काम शिक्षकाखेरीज कोण करणार?

 चार सूचनांपैकी एक जरी येत्या सत्रात आपल्या शाळेत अमलात आली, तरी हे व्याख्यान सार्थकी लागले असे मी समजेन.